‘सगळे रिपोर्ट द्या’ असं लिहू नका

तुमचा प्रश्न मी असा समजले: वडील अकरा दिवस आयसीयूत होते आणि तिथेच गेले. हातात आहे ती दोन पानांची डेथ समरी, बिलांचा गठ्ठा आणि लॅबचे काही सुटे कागद. मेडिक्लेमवाले ‘आयसीपीची सत्यप्रत’, म्हणजे मूळ केस पेपरची शिक्का-सहीची प्रत, मागताहेत. हॉस्पिटल म्हणतं, केस पेपर ही आमची मालमत्ता, कोर्टाची ऑर्डर नाहीतर पोलिसांचं पत्र आणा. तीन हेलपाटे झाले. चौथ्यांदा जाण्याआधी तुम्हाला जाणून घ्यायचंय की मुळात हक्क आहे का, आणि असला तर हातात कागद पडेपर्यंत काय काय करायचं.

हक्क आहे. कोर्टाची ऑर्डर लागत नाही, पोलिसांचं पत्रही लागत नाही. मी चोवीस वर्षं एका ट्रस्टच्या हॉस्पिटलात मेडिकल रेकॉर्ड विभागात काढली, शेवटची नऊ विभागप्रमुख म्हणून. म्हणजे तुम्ही ज्या खिडकीबाहेर उभे आहात तिच्या आतल्या बाजूला. कायद्याची कलमं तोंडपाठ असलेली माणसं तिथून रिकाम्या हाताने परत गेलेली मी पाहिली आहेत. आणि कायद्यातलं ओ की ठो माहीत नसलेली एक आजी अर्ध्या तासात ऐंशी पानं पिशवीत घालून गेलेलीही पाहिली आहे. आजीकडे कुणीतरी लिहून दिलेली एक चिठ्ठी होती. तीत आयपीडी नंबर, म्हणजे दाखल रुग्णाचा नंबर होता, दाखल केल्याची आणि सोडल्याची तारीख होती, आणि कोणते कागद हवेत ते एकेकाच्या नावानिशी लिहिलं होतं. आमच्या विभागातल्या मुलीने फाइल काढली, पानं मोजली, झेरॉक्सला पाठवली. कुणाला काही विचारायची वेळच आली नाही.

म्हणून आधी कागद ओळखून घ्या.

डिस्चार्ज कार्ड किंवा डेथ समरी हा गोषवारा असतो. निवासी डॉक्टर तो फाइल समोर ठेवून लिहितो, पुष्कळदा ड्यूटी संपता संपता. तुम्हाला हवी आहे ती मूळ फाइल. आम्ही तिला ‘इनडोअर’ म्हणतो, विमावाले ‘आयसीपी’ म्हणतात, वॉर्डातल्या जुन्या सिस्टर नुसतं ‘केस पेपर’. वस्तू एकच. तिच्यात पहिलं पान दाखल करतानाचं, मग हिस्ट्री म्हणजे आल्या आल्या विचारून लिहिलेली माहिती, डॉक्टरांच्या रोजच्या नोंदी, डॉक्टरांच्या ऑर्डर, औषध कधी, किती, कुणी दिलं तो ट्रीटमेंट चार्ट, सिस्टरांच्या नोंदी, ताप-नाडी-श्वासाचा टीपीआर चार्ट, किती पाणी गेलं आणि किती लघवी झाली तो इनटेक-आउटपुट चार्ट, संमतीपत्रं, दुसऱ्या तज्ज्ञांना बोलावलं असेल तर त्यांचे रेफरन्स, रक्त चढवलं असेल तर पिशवीचा नंबर असलेला कागद, शस्त्रक्रिया झाली असेल तर ऑपरेशन नोट आणि भुलेचा चार्ट. स्टेंट, सांधा किंवा डोळ्यातली लेन्स बसवली असेल तर तिच्या खोक्यावरचं स्टिकर फाइलमध्ये चिकटवलेलं असतं, त्याचीही प्रत मागा. पुढे कधी एमआरआय करायची वेळ आली की नेमकं तेच विचारतात.

तुमच्या बाबतीत दोन गोष्टी विशेष सांगते, कारण आयसीयूची फाइल वेगळी असते. एक, आयसीयूचा तासातासाचा चार्ट पुष्कळ ठिकाणी मोठ्या, ए-थ्री आकाराच्या कागदावर असतो, दोन्ही बाजूंनी भरलेला. झेरॉक्सवाला पोरगा ए-फोरवर टाकतो आणि उजवीकडचा अर्धा भाग, म्हणजे बहुतेक वेळा रात्रीचे तास, गळून जातो. मागची बाजू तर हमखास राहते. अर्जातच ‘आयसीयू चार्ट दोन्ही बाजूंनी, पूर्ण आकारात’ असं लिहा. दोन, रक्तातल्या वायूंच्या तपासणीच्या चिठ्ठ्या आणि काही ईसीजी थर्मल कागदावर छापलेले असतात, बसच्या तिकिटासारखे. हे अक्षर वर्षा-दोन वर्षांत उडतं. कोर्टात पाच वर्षांनी फाइल उघडली आणि त्या चिठ्ठ्या कोऱ्या करकरीत निघाल्या, असं माझ्या डोळ्यांसमोर झालंय. तेव्हा उशीर करू नका. तुमच्याकडे अशा चिठ्ठ्या असतील तर आजच त्यांची झेरॉक्स काढा आणि मूळ चिठ्ठ्या प्लास्टिकच्या पाकिटात ठेवू नका. प्लास्टिकने अक्षर आणखी लवकर जातं.

आता ‘उद्या या’ हे उत्तर का मिळतं ते सांगते. रुग्ण गेल्यावर फाइल सरळ आमच्याकडे येत नाही. वॉर्डातून बिलिंगला जाते, तिथून कॅशलेस असेल तर टीपीएच्या, म्हणजे विमा कंपनीच्या वतीने क्लेम बघणाऱ्या संस्थेच्या टेबलावर, मग परत वॉर्डात कारण कुणाची तरी सही राहिलेली असते, आणि मग आमच्याकडे. आमच्याकडे आल्यावर एक माणूस पानं लावतो आणि त्रुटी काढतो: इथे वेळ नाही, इथे नाव नाही, ऑपरेशन नोटच नाही. अशी अपुरी फाइल डॉक्टरांकडे परत जाते. मोठे डॉक्टर चार हॉस्पिटलांत फिरत असतात. त्यांची एक सही मिळायला कधी कधी आठवडा जातो. खिडकीतला माणूस हे सगळं तुम्हाला सांगू शकत नाही, म्हणून तो ‘साहेब नाहीत’ म्हणतो. ‘कोर्टाची ऑर्डर आणा’ हे वाक्यही अनेकदा याच पोटातून येतं. फाइल अपुरी आहे हे कबूल करण्यापेक्षा नियम नाही म्हणणं सोपं. कधी कधी मात्र खरोखरच कुणीतरी घाबरलेलं असतं. बाहेरून तुम्हाला या दोन्हींतला फरक कळणार नाही आणि कळायची गरजही नाही. दोन्हींवरचा उपाय एकच, लेखी अर्ज आणि पोच.

लेखी अर्जाला धार कशाने येते? भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या आचारसंहिता नियमांनी. त्यातलं कलम १.३.१ म्हणतं की दाखल रुग्णाचे कागद उपचार सुरू झाल्यापासून ३ वर्षं जपायचे. कलम १.३.२ म्हणतं की रुग्णाने किंवा त्याच्या अधिकृत माणसाने मागितले की मागणीची पोच द्यायची आणि ७२ तासांत कागद द्यायचे. आणि कलम ७.२ हे न करणं गैरवर्तनात धरतं. मधे २०२३ च्या ऑगस्टमध्ये राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने नवे नियम काढले होते, त्यात ७२ तासांऐवजी कामाचे पाच दिवस होते; पण तीन आठवड्यांत ते स्थगित झाले आणि २००२ चेच नियम पुन्हा लागू राहिले. एखादा प्रशासक तुम्हाला ‘नवीन नियमात तसं नाही’ म्हणाला तर हे लक्षात असू द्या.

त्याच्याही आधी, १९९६ मध्ये, मुंबई उच्च न्यायालयाने रघुनाथ रहेजा विरुद्ध महाराष्ट्र मेडिकल कौन्सिल या प्रकरणात हे स्पष्ट केलं होतं. रुग्णाने किंवा त्याच्या जवळच्या नातेवाइकाने केस पेपरच्या प्रती मागितल्या तर त्या द्यायला हव्यात, रुग्णाच्याच कागदांबाबत त्याच्यापासून गुप्तता सांगता येणार नाही, आणि प्रतींचा खर्च घ्यायला हरकत नाही, असा त्या निकालाचा आशय. ‘जवळचा नातेवाईक’ हे शब्द तुमच्या कामाचे आहेत. वडील हयात नाहीत, पण तुम्ही मुलगा आहात. वारस दाखल्यासाठी दिवाणी कोर्टाच्या पायऱ्या झिजवायची गरज नाही.

‘आमची मालमत्ता’ हे अर्धं खरं आहे, म्हणूनच ते ऐकून माणसं गप्प बसतात. मूळ कागद हॉस्पिटलचेच, आणि ते त्यांनीच जपायचे असतात. तुम्ही मूळ फाइल मागूच नका. ती तुम्हाला दिली आणि उद्या हरवली तर पुरावाच गेला. तुमचा हक्क प्रतीवर आहे. एक्स-रे, सीटी, एमआरआयच्या फिल्म मात्र सहसा रुग्णाला मूळच देतात. फिल्मवर समाधान मानू नका, सीडी मागा. मूळ चित्रं तिच्यात असतात, आणि दुसऱ्या डॉक्टरला कागदावरच्या रिपोर्टपेक्षा ती हवी असतात.

अर्ज असा करा. साध्या कागदावर, हाताने लिहिलेला चालतो. प्रति, मा. वैद्यकीय अधीक्षक. विषय, इनडोअर केस पेपरच्या सत्यप्रती मिळणेबाबत. आणि मग:

‘माझे वडील श्री. ______ हे आपल्या रुग्णालयात दि. ____ ते दि. ____ या काळात डॉ. ______ यांच्या उपचाराखाली दाखल होते. आयपीडी क्रमांक ____. दि. ____ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांच्या संपूर्ण इनडोअर केस पेपरच्या, सोबतच्या यादीतील कागदांसह, पान क्रमांक घातलेल्या व शिक्का-सही असलेल्या सत्यप्रती मला मिळाव्यात. प्रतींचा रास्त खर्च भरण्यास मी तयार आहे. भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या नियमांतील कलम १.३.२ नुसार या प्रती ७२ तासांत मिळणे अपेक्षित आहे. एखादा कागद देता येत नसल्यास तो कोणता व का, हे लेखी कळवावे.’

शेवटचं वाक्य वगळू नका. तोंडी ‘नाही’ म्हणायला कुणाचं काही जात नाही. ‘का नाही’ हे लेटरहेडवर लिहायची वेळ आली की निम्मी प्रकरणं तिथेच सुटतात. मी स्वतः अशी पत्रं घेऊन अधीक्षकांच्या केबिनमध्ये जायचे तेव्हा ते एकच प्रश्न विचारायचे, ‘यावर आपण लिहायचं काय?’ आणि मग म्हणायचे, ‘देऊन टाका.’

‘सगळे रिपोर्ट द्या’ असं लिहिणं ही मी पाहिलेली सगळ्यात महागडी चूक. रिपोर्ट म्हणजे आमच्या भाषेत लॅबचे आणि एक्स-रेचे कागद. तुम्ही रिपोर्ट मागितलेत, आम्ही रिपोर्ट दिले, अर्ज निकाली. डॉक्टरांच्या नोंदी आणि सिस्टरांच्या नोंदी, ज्यासाठी तुम्ही आला होतात, त्या फाइलमध्येच राहिल्या. यात कुणी फसवलं असंही म्हणता येत नाही.

अर्जात उपचार करणाऱ्या डॉक्टरांचं नाव घाला आणि त्यांनाही एक प्रत द्या. कारण २००२ चे नियम डॉक्टरांना बांधतात, आणि मेडिकल कौन्सिल डॉक्टरवर कारवाई करू शकते, हॉस्पिटलच्या इमारतीवर नाही. नुसतं ‘व्यवस्थापन’ असं लिहिलेलं पत्र घेऊन पुढे कौन्सिलकडे गेलात तर पहिला प्रश्न येईल, कोणत्या डॉक्टरने नाकारलं?

सोबत जोडा: तुमचं आधार किंवा दुसरं ओळखपत्र, वडिलांचा मृत्यूचा दाखला, आणि नातं दिसेल असं काहीही. रेशन कार्ड, शाळेचा दाखला, पासपोर्ट, ज्यात वडिलांचं नाव आहे ते. दाखल करताना फॉर्मवर तुमचीच सही असेल तर तसं लिहा, मग नात्याचा वाद फारसा होत नाही. बहीण-भाऊ असतील आणि घरात धुसफूस असेल तर त्यांचं संमतीपत्रही जोडा. हॉस्पिटलला दोन भावांच्या भांडणात पडायचं नसतं, आणि ते त्यांचं चुकतही नाही.

अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का, तारीख, वेळ आणि सही घ्या. ७२ तास तिथून मोजता येतात. पोच देत नसतील तर वाद घालू नका. हॉस्पिटलच्या अधिकृत ईमेलवर तोच अर्ज स्कॅन करून पाठवा आणि एक प्रत स्पीड पोस्टाने, पोचवल्याच्या पुराव्यासह. तोंडी भांडणाने आमच्याकडे कुठलीच फाइल लवकर निघाली नाही. ईमेलने मात्र निघायची, कारण तो वर चार जणांना दिसतो.

खर्चाबद्दल फार लिहीत नाही. ठरलेला एक सरकारी दर नाही, झेरॉक्स आणि सीडीचा रास्त खर्च घेता येतो. पावती मागा. अवास्तव आकडा सांगितला तर तोही लेखी मागा, बहुतेक वेळा तो खाली येतो. बिल थकलं असेल तर? ७२ तासांच्या नियमात बिलाची अट कुठेही नाही. थकबाकी वसूल करायचे मार्ग हॉस्पिटलला वेगळे आहेत.

प्रती हातात आल्या की खिडकीपाशीच बसा आणि मोजा. ‘मिळाले’ म्हणून सही करण्याआधी प्रत्येक पानावर शिक्का आहे का, पान क्रमांक सलग आहेत का, अकराही दिवसांचे चार्ट आहेत का, हे बघा. रजिस्टरमध्ये सही करताना पानांची संख्या स्वतःच्या हाताने लिहा: ‘एकूण १४२ पाने मिळाली’. एवढं केलंत की नंतर एखादं पान नव्याने उगवणं किंवा एखादं नाहीसं होणं अवघड होतं. फाइलींत फेरफार होतात का, हा प्रश्न मला लग्नाकार्यात सुद्धा विचारतात. जितके लोक समजतात तितके होत नाहीत. पण डिस्चार्जनंतर ‘पूर्ण’ केलेल्या नोंदी पुष्कळ असतात. बहुतेक आळसापोटी राहिलेल्या, काही मात्र तशा नाहीत. चुकलेली नोंद एका आडव्या रेघेने खोडून, शेजारी सही-तारीख घालून सुधारायची, ही रीत. व्हाइटनर दिसलं की समजायचं, कुणाला तरी रीत माहीत नव्हती किंवा फारच चांगली माहीत होती.

आता घरी जाऊन सगळ्यात आधी हिस्ट्रीचं पान वाचा. तुमच्या क्लेमचं भवितव्य बहुधा याच पानावर आहे. मध्यरात्री तुम्ही वडिलांना आणलंत, निवासी डॉक्टरने विचारलं, ‘बीपी, शुगर?’, कुणीतरी घाईत म्हणालं, ‘आहे, बरीच वर्षं.’ त्याने लिहिलं: के/सी/ओ डायबेटिस, दहा वर्षं. के/सी/ओ म्हणजे ‘आजार आधीपासून माहीत असलेला रुग्ण’. पॉलिसी सहा वर्षांपूर्वीची असेल तर विमावाला हेच एक वाक्य अधोरेखित करून ‘आधीपासूनचा आजार लपवला’ म्हणतो. तो आयसीपी मागतो त्यामागे पुष्कळदा हेच असतं. नोंद चुकीची असेल तर ती खोडून घेण्याच्या फंदात पडू नका. डॉक्टरही ते करणार नाहीत. निदान नेमकं कधी झालं याचे जुने कागद दाखवा, फॅमिली डॉक्टरची फाइल, पहिली साखर तपासणी, आणि उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडून लेटरहेडवर, आजच्या तारखेने, खुलासा घ्या. तुमच्या पॉलिसीला सलग ५ वर्षं झाली असतील तर आणखी एक आधार आहे. माहिती लपवल्याचा आक्षेप घ्यायची मुदत विमा नियामकाने २०२४ पासून ६० महिन्यांवर आणली. त्यानंतर माहिती लपवल्याच्या कारणावरून क्लेम नाकारता येत नाही, सिद्ध झालेली फसवणूक सोडून.

तुमच्यासारखाच प्रश्न पण परिस्थिती थोडी वेगळी, असे लोकही हे वाचतील म्हणून काही गोष्टी भराभर सांगते. रुग्ण हयात आणि शुद्धीवर असेल तर अर्जावर सही त्याचीच हवी, नाहीतर त्याचं अधिकारपत्र. मुलगा न्यू जर्सीत आणि आई नाशकात असेल तर आईच्या सहीचं अधिकारपत्र आणि दोघांची ओळखपत्रं पुरतात. नवरा म्हणून बायकोचे कागद आपोआप मिळत नाहीत. एक गृहस्थ घटस्फोटाचा दावा चालू असताना बायकोचे स्त्रीरोग विभागाचे कागद मागायला आले होते, ‘मीच बिल भरलंय’ म्हणत. मी नाही म्हटलं. तिथे नाही म्हणणं हीच माझी नोकरी होती.

सरकारी आणि महापालिकेच्या रुग्णालयात आधी रेकॉर्ड विभागातच साधा अर्ज करा. तो अडला तर माहिती अधिकाराचा. महाराष्ट्रात १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, पानाला २ रुपये, अर्ज एकाच विषयावर आणि १५० शब्दांच्या आत. मुदत ३० दिवस. जिवाशी संबंधित माहिती असेल तर ४८ तास, पण तसं कारणासह अर्जात लिहावं लागतं. या रुग्णालयांत ओपीडीचा केस पेपर बहुधा रुग्णाकडेच देतात, तो हरवला तर दुसरी प्रत असेलच असं नाही. पाऊस सुरू व्हायच्या आत त्याचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

कॅन्सरची गाठ काढली असेल तर रिपोर्टवर थांबू नका, पॅथॉलॉजीतून स्लाइड (गाठीचा पातळ काप असलेली काच) आणि ब्लॉक (मेणात बसवलेला गाठीचा तुकडा) मागा. परळच्या टाटा हॉस्पिटलात गेलात तर ते बहुतेक वेळा मूळ स्लाइड-ब्लॉक पुन्हा तपासतात, आणि ते नसले की मुंबईहून परत गावी फेरी होते. ब्लॉक मेणाचे असतात. मे महिन्यात गाडीच्या काचेखाली ठेवून नेऊ नका.

मानसोपचाराचे कागदही रुग्णाला मागता येतात. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याचं कलम २५ तसं म्हणतं. एखादी माहिती दिल्याने त्याला स्वतःला गंभीर मानसिक इजा होईल किंवा दुसऱ्याच्या जिवाला धोका होईल असं वाटलं तर तेवढी रोखता येते, पण मग त्याच कायद्याखालच्या मंडळाकडे दाद मागता येते हेही त्याला सांगावं लागतं. अपघात, विषबाधा, मारहाण अशा एमएलसी, म्हणजे पोलिसांना कळवाव्या लागणाऱ्या प्रकरणात फाइल पोलिसांनी नेली असेल तर कधी, कुणी नेली हे हॉस्पिटलकडून लेखी घ्या. पोलिसांना फाइल देताना बहुतेक हॉस्पिटलं एक झेरॉक्स संच ठेवून घेतात, तो विचारा. शवविच्छेदनाचा अहवाल पोलीस ठाण्याच्या मार्गाने मिळतो. आभा कार्ड, म्हणजे सरकारी डिजिटल आरोग्य खात्याचा तो चौदा आकडी नंबर, असेल तर डिस्चार्जचे कागद मोबाइलवर दिसू शकतात. पण तुमच्या विमावाल्याला हव्या त्या नोंदींसाठी खिडकीवरच यावं लागेल.

मृत्यू हॉस्पिटलात झाला असेल तर आणखी एक कागद आहे, ज्याची बहुतेकांना कल्पना नसते. मृत्यूच्या कारणाचं प्रमाणपत्र, फॉर्म ४. ते हॉस्पिटल जन्म-मृत्यू निबंधकाकडे पाठवतं, आणि १ ऑक्टोबर २०२३ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनुसार त्याची प्रत जवळच्या नातेवाइकाला द्यायची आहे. तेही यादीत घाला. डेथ समरीत एक कारण आणि फॉर्म ४ वर दुसरंच, असं असेल तर ते तुम्हाला विमावाल्याच्या आधी कळलेलं बरं.

७२ तास उलटले आणि काही आलं नाही, तर काय? दुसरं, दोन ओळींचं स्मरणपत्र अधीक्षकांना, पहिल्या अर्जाच्या पोचेची प्रत लावून. बहुतेक ठिकाणी इथे हलतं. नाही हललं तर नर्सिंग होमची नोंदणी करणारा अधिकारी. महाराष्ट्राने केंद्राचा क्लिनिकल एस्टॅब्लिशमेंट कायदा घेतलेला नाही, इथे १९४९ चा नर्सिंग होम नोंदणी कायदा चालतो. महापालिका हद्दीत आरोग्य अधिकारी, बाहेर जिल्हा शल्यचिकित्सकांकडे जा. २०२१ मध्ये या कायद्याच्या नियमांत दुरुस्ती झाली, रुग्ण हक्कांची सनद भिंतीवर लावणं आणि तक्रार निवारण कक्ष चालवणं त्यात आलं. तुमच्या हॉस्पिटलच्या रिसेप्शनमागे ती सनद लावलेली असेल. तिचा फोटो काढून तक्रारीला जोडा; त्यांच्याच भिंतीवरचा कागद त्यांना नाकारता येत नाही.

त्यापुढे दोन रस्ते, आणि ते एकावेळी चालवता येतात. डॉक्टरविरुद्ध महाराष्ट्र मेडिकल कौन्सिल, तिथे वेळ लागतो. आणि ग्राहक आयोग. कागद न देणं ही सेवेतली त्रुटी म्हणून मांडता येते, शिवाय आयोग हॉस्पिटलला फाइल हजर करायला सांगू शकतो. ग्राहक तक्रारीची मुदत कारण घडल्यापासून २ वर्षं. पत्रव्यवहारात ही दोन वर्षं निघून गेलेली माणसं मी पाहिली आहेत, तेव्हा कॅलेंडरवर तारीख लिहून ठेवा. आणि एक विनंती. उपचारांत चूक झाली का हा प्रश्न आणि कागद मिळाले नाहीत हा प्रश्न, दोन्ही एकाच पत्रात लिहू नका. अर्जात ‘तुमच्या हलगर्जीपणामुळे’ हे शब्द आले की फाइल रेकॉर्ड विभागातून उठून वकिलाच्या टेबलावर जाते आणि ७२ तासांचे ७२ दिवस होतात. राग खरा असला तरी आधी कागद हातात येऊ द्या.

फाइल तीन वर्षांपेक्षा जुनी असली तरी मागून बघा. पुष्कळ हॉस्पिटलं त्याहून जास्त काळ ठेवतात. नष्ट केली म्हणाले तर नष्ट केल्याच्या नोंदीची प्रत मागा, अशी नोंद ठेवण्याची पद्धत आहे. आमच्या तळघरात एकदा पाणी शिरलं होतं, तेव्हा भिजलेल्या फाइलींची यादी करायला मला दोन महिने लागले, पण ती यादी अजून असेल. आणि फाइल खरोखरच गेली असेल तर बाहेर शोधा. लॅबच्या संगणकात रिपोर्ट असतात, रक्तपेढीच्या रजिस्टरमध्ये पिशवीची नोंद असते, आणि पूर्वी कधी कॅशलेस झालं असेल तर टीपीएकडे त्या वेळची फाइल स्कॅन होऊन पडलेली असते. ही शेवटची जागा कुणाच्याच लक्षात येत नाही.

तुमचं काम मात्र आज एवढंच. अर्ज उद्या सकाळी द्या, सोमवार असेल तर मंगळवारी द्या, सोमवारी आमच्या खिडकीवर शनिवार-रविवारची गर्दी असते. पोच हातात आली की तिचा फोटो त्याच दिवशी विमा कंपनीला आणि टीपीएला ईमेलने पाठवा, क्लेम नंबर घालून: ‘कागदांची मागणी अमुक तारखेला केली आहे, मिळताच देतो, तोवर क्लेम बंद करू नये.’ तुमच्या हातात नसलेल्या कारणाने उशीर झाला तर तेवढ्यावरून खरा क्लेम नाकारू नये, असं विमा नियामकाने २०११ च्या परिपत्रकात सांगितलं होतं. तो ईमेल जपून ठेवा. पुढे विमा लोकपालांकडे जायची वेळ आली तर उशीर तुमच्यामुळे झाला नाही हे दाखवायला तोच लागेल.